आधी खारं, मग गोड

दसरा झाला की नांदेडच्या सकाळला जरासा गारवा येतो. दुपारचं ऊन मात्र अजून पाठ सोडत नाही. सोयाबीनच्या पोत्यांनी भरलेले ट्रॅक्टर मोंढ्याकडे जात असतात, त्यांच्या मागे बारीक भुसा उडत राहतो, आणि आमच्या गल्लीच्या तोंडाशी असलेल्या बेकरीवर बायकांची रांग लागते. कुणाच्या काखेत मैद्याची पिशवी, कुणाच्या हातात तुपाचा डबा. घरी मळून आणायचं, भट्टीवर भाजून न्यायचं. दिवाळीची नानकटाई आमच्याकडे अजून अशीच होते. घरोघरी ओव्हन आले तरी रांग काही कमी झालेली नाही.

या दिवसांत मी बाजारातून येताना रस्त्याच्या पलीकडच्या बाजूनं चालते. वास तिकडेही येतोच. तापलेलं तूप, वेलची, आणि मैदा भाजताना येतो तो खमंग, किंचित दुधाळ वास. पाय आपोआप मंदावतात. मग मी पिशवी या हातातून त्या हातात घेते आणि चालू लागते. कुणी विचारलंच तर काय सांगणार? एका वर्षीची दिवाळी या वासात राहून गेली आहे, ती दरवर्षी भेटायला येते, एवढंच.

त्या वर्षी आम्ही लातूरला होतो, आणि अक्का आमच्याकडे होत्या.

अक्का म्हणजे माझ्या मोठ्या जाऊबाई. नाव महादेवी. माहेर भालकीकडचं, त्यामुळे बोलणं अर्धं कानडी वळणाचं. सासर निलंग्याचं. तिथं दादांचं, म्हणजे माझ्या मोठ्या दिरांचं, किराणा दुकान. दोघांना मूलबाळ नव्हतं. ते दुःख अक्कांनी कधी बोलून दाखवलं नाही, पण घरात पाऊल टाकलेल्या माणसाला काही खाऊ घातल्याशिवाय त्यांना चैन पडत नसे. रोज सकाळी लिंगपूजा झाली, कपाळाला विभूती लागली की पदर खोचून त्या स्वयंपाकघरात ज्या शिरत, त्या दुपारीच बाहेर येत.

माझ्या लग्नानंतरच्या पहिल्या दिवाळीत त्यांनी मला परातीसमोर बसवलं. तुपात पिठीसाखर घालून दिली आणि म्हणाल्या, “फेस. बोटानं न्हाई, तळहातानं. आन् घाई करू नको. तुपाला घाई खपत न्हाई.” हात दुखून आला तरी त्या ‘झालं’ म्हणेनात. शेवटी ते मिश्रण पांढरंशुभ्र, लोण्यासारखं हलकं झालं, तेव्हा त्यात मैदा आणि चमचाभर रवा पडला. भट्टीवरून पत्रे आले. अक्कांनी पहिली नानकटाई मधोमध मोडली, अर्धी माझ्या तोंडात घातली.

“सांग, काय कमी हाय?”

“काहीच नाही, अक्का. मस्त झालीय.”

“कमी असतंयच गं. नीट बघ.”

मी डोळे मिटून चघळत राहिले. मला काही सापडलं नाही. त्या हसल्या. त्यांच्या जिभेला मात्र सगळं सापडायचं. आमटीत चिंच जुनी आहे, तूप कुणाकडून आणलं, गुळात साखर मिसळली आहे का, हे त्या एका थेंबावरून सांगायच्या. आख्ख्या गल्लीतल्या लग्नाकार्यात आचारी कुणीही असो, चव बघायला अक्कांना बोलावणं यायचंच.

अशा बाईच्या घशात गाठ निघाली.

आधी नुसतं गिळताना दुखायचं. मग आवाज बसला. मग कानापर्यंत कळ जायला लागली. दादांनी निलंग्याचे डॉक्टर केले, तिथून लातूरला पाठवलं, आणि लातूरला तपासण्या होऊन त्या आजाराचं नाव निघालं. आमच्या घरात तो शब्द कुणीच उच्चारत नसे. अक्का म्हणत, “माझं ते.” त्यांची किरणांची ट्रीटमेंट भर पावसाळ्यात चालली. त्या आमच्याच घरी राहिल्या. रोज सकाळी रिक्षानं आम्ही दोघी दवाखान्यात जायचो. “चल गं, लाईट घ्यायला,” असं त्या म्हणत, जणू वीजबिल भरायलाच निघालो आहोत. गळ्याची कातडी काळी पडली, सोलली गेली. तोंडभर फोड आले. पातळ पेजसुद्धा घोटताना त्यांच्या डोळ्यांतून पाणी यायचं, पण वाटी त्या संपवायच्या.

पुढे फोड गेले. गळ्यावर नवी, गुळगुळीत कातडी आली. डॉक्टर समाधानी दिसले. आम्हाला वाटलं, संपलं. पण अक्कांची चव परत आली नाही. तोंडातली लाळही आटली होती. पाण्याची बाटली सतत हाताशी लागायची. त्या स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी पाट टाकून बसायच्या आणि वासावरून मला विचारायच्या, “जिरं करपलं का गं जरा?” करपलेलंच असायचं. ताट वाढलं की मात्र त्यांचा चेहरा उतरायचा. भाकरी मोडायच्या, आमटीत कुस्करायच्या, घोटभर पाण्याबरोबर उतरवायच्या.

“कसं लागतंय?” एकदा मी विचारलं.

“चिंधी चावल्यागत,” त्या म्हणाल्या. थोड्या वेळानं पुन्हा म्हणाल्या, “भूक लागतीय बघ सुजाता. तेच वाईट हाय. भूक मेली असती तर बरं झालं असतं.”

दिवाळी जवळ आली. अक्कांना तपासणीसाठी लातुरातच थांबायचं होतं, म्हणून दिवाळी आमच्याकडे करायचं ठरलं. एके सकाळी त्यांनी परात मागितली. मला बरं वाटलं. हात चालले की मन लागेल, असा माझा हिशेब. त्या फेसायला बसल्या. हातातली ताकद गेली होती, मधूनमधून थांबायच्या, पण तळव्याची ती गोल फिरकी तशीच होती. “तू माझी जीभ हो,” त्या म्हणाल्या. “मी करते, तू चाखून सांग.” मी चाखलं, सांगितलं. गोळे वळले, वर चारोळी दाबली. आमच्या घरामागच्या बेकरीत चाचांच्या भट्टीवर पत्रे गेले आणि आले. घरभर वास झाला. अक्कांनी एक नानकटाई उचलली, नाकाशी धरून खोल श्वास घेतला. चेहरा असा उजळला की मला वाटलं, झालं, आज चमत्कार होणार.

त्यांनी तुकडा तोंडात घातला. बराच वेळ हलवला. मग पाणी पिऊन गिळून टाकला आणि उरलेली नानकटाई हळूच डब्यात ठेवून दिली.

“वास हाय,” त्या म्हणाल्या. “आत कुणीच न्हाई.”

मी भांडी घासायच्या निमित्तानं मोरीत गेले आणि नळ मोठा सोडला.

पुढे दोन-चार दिवसांनी मी चिवड्यासाठी खारे शेंगदाणे भाजत होते. अक्का शेजारी बसून लसूण सोलत होत्या. सवयीनं त्यांनी एक दाणा उचलून तोंडात टाकला. त्यांना तो चावायचा नव्हताच, नुसता जिभेवर ठेवला होता. लसूण सोलणारा हात एकदम थांबला.

“सुजाता, खारं हाय का हे?”

“हो ना. मिठाच्या पाण्यातले आहेत.”

“खारं हाय,” त्या म्हणाल्या. आणखी एक दाणा घेतला. “खारं कळ्ळं मला! अगं, खारं कळ्ळं!”

एवढ्याशा खारटपणासाठी माणूस इतका आनंदी होऊ शकतो, हे मी तोवर पाहिलं नव्हतं. त्यांनी माझा मीठभरला हात धरला आणि लहान मुलीसारख्या हसत सुटल्या. नव्या कातडीला ताण बसून दुखलं असणार, तरी हसतच होत्या. मग एकाएकी गंभीर होऊन म्हणाल्या, “खारं आलंय म्हंजे गोड लई लांब नसंल. खाऱ्याच्या मागनं गोडाला बोलावून बघू.”

त्या कल्पनेनं त्यांना दुसरं काही सुचेना. गूळ किसला, चमचाभर तुपात वितळवून घट्ट पाक केला, त्यात शेंगदाण्याचा भरड कूट आणि भाजलेले तीळ घातले. पहिल्यांदा भाजून आणलेल्या नानकटाईवर तो लावला, तर टवका उडावा तसा निघून आला. मग अक्काच म्हणाल्या की भट्टीवर जाऊन, पत्रा अर्धा भाजला की बाहेर काढून लावायचं आणि पुन्हा आत सारायचं. गळ्याला मऊ टॉवेल गुंडाळून, हातात पाकाचं पातेलं घेऊन त्या माझ्याबरोबर बेकरीत आल्या. रांगेतल्या बायकांनी त्यांच्याकडे बघून आपोआप वाट दिली.

चाचांनी लांब दांड्याच्या फळीवर पत्रा बाहेर ओढला. अक्कांनी प्रत्येक नानकटाईवर चमच्याच्या टोकानं पाक पसरला आणि वरून चिमटीनं जाडं मीठ भुरभुरवलं. चाचा बघत राहिले.

“अम्मा, मीठे पे नमक?”

“हाव चाचा. जीभ झोपलीय माझी. तिला उठवायचंय.”

चाचांनी पत्रा आत सारला आणि भट्टीजवळचं फळकुटाचं बाकडं पुसून अक्कांना बसायला दिलं.

तिथंच, त्या बाकड्यावर बसून, पत्रा थोडा निवल्यावर अक्कांनी पहिला तुकडा खाल्ला. मी त्यांच्या जबड्याकडे बघत होते. त्यांनी डोळे मिटले. हात वर केला, कुणी बोलू नका अशा अर्थानं.

“आधी खारं,” त्या हळू म्हणाल्या. मग तुकडा जिभेवर घोळवत राहिल्या. “थांब... मागनं येऊन राहिलंय. बारीक हाय. लई लांबनं.” डोळे उघडले तेव्हा ते भरले होते. “गूळ हाय हा. सुजाता, गूळ हाय.”

घरी आल्याबरोबर त्यांनी निलंग्याला दादांना फोन लावला. “अहो, मला गोड कळ्ळं,” एवढंच सांगितलं. पलीकडून दादा काय बोलले ते मला ऐकू आलं नाही. अक्का मात्र फोन ठेवल्यावर म्हणाल्या, “काय बोलले न्हाईत. नुसतं बरं बरं करून राहिले.”

दादा दुसऱ्याच दिवशी एसटीनं आले. त्यांना आणि माझ्या नवऱ्याला दवाखान्यातून नव्या तपासणीचा रिपोर्ट आणायचा होता. दोघं परतले तेव्हा मी दार उघडलं आणि न विचारता समजले. गाठ परत आली होती, आणि यावेळी खालपर्यंत. पुन्हा ट्रीटमेंट देता येईल, डॉक्टर म्हणाले होते, पण बरं होण्याची आशा धरू नका. थोडा वेळ वाढून मिळेल. दोघा भावांनी रस्त्यातच ठरवलं होतं, दिवाळी होईपर्यंत अक्कांना सांगायचं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही दोघी पुन्हा परातीशी बसलो होतो. बाहेर कुणीतरी अंगण धूत होतं. अक्का पिठाचे गोळे वळत होत्या, मी ते पत्र्यावर मांडत होते. वर न बघता त्यांनी विचारलं,

“परत आली का गं?”

माझ्या हातातला गोळा हातातच राहिला. पुरुषांचं ठरलेलं मला माहीत होतं. पण ज्या बाईनं मला तुपाला घाई खपत नाही हे शिकवलं, तिच्यासमोर बसून खोटं बोलायला मला तोंड नव्हतं.

“हो, अक्का.”

त्यांनी हातातला गोळा नीट वळून पुरा केला. तळव्यात हलकेच दाबला. पत्र्यावर ठेवला.

“मग जरा जास्तीच करू यंदा,” म्हणाल्या.

भाऊबीजेच्या दुपारी बोलणं झालं. जेवणं उरकली होती, दादा खुर्चीत बसले होते, अक्का खाली भिंतीला टेकून. रिपोर्टमधलं सांगून, पुढच्या आठवड्यात नाव नोंदवून लाईट सुरू करायची असं दादा बोलू लागले, तसं अक्कांनी मान हलवली.

“मी न्हाई घेणार.”

“काय न्हाई घेणार?”

“लाईट. ह्या डावाला न्हाई.”

दादा मोठ्यानं बोलणारे नाहीत. दुकानात गिऱ्हाईक भांडलं तरी ते शांतपणे तागडी पुसत. पण त्या दिवशी त्यांचा आवाज चढला. “पोरीसारखं काय करून राहिलीस? डॉक्टरला कळतंय का तुला कळतंय? जगायचं न्हाई का तुला?”

“जगायचंय,” अक्का म्हणाल्या. “म्हणून तर म्हणते. मला जेवायचंय, अहो.”

त्यांनी बाटलीतून घोटभर पाणी घेतलं.

“लाईट घेतली की जीभ परत जाती. आत्ता कुठं आलीय. लई दिवसांनी आलीय. काय खाल्लं ते कळायला लागलंय मला. हे घालवून वर चार महिने घेऊ? आन् त्या चार महिन्यांत चिंधी चावू?”

दादा उठले, बाहेर ओट्यावर जाऊन उभे राहिले. त्यांची पाठ बराच वेळ दारातून दिसत होती. संध्याकाळच्या गाडीनं ते अक्कांना घेऊन निलंग्याला गेले. सामानात खाऱ्या-गोड नानकटाईचा मोठा डबा होता.

त्या हिवाळ्यात अक्का जेवल्या. दुसरा शब्द नाही त्याला. जमेल तेव्हा मी निलंग्याला जायची. प्रत्येक वेळी जिभेला काहीतरी नवीन परत मिळालेलं असायचं. आधी कडू मेथी आली. मग आंबट बोरं. मग हरभऱ्याच्या कोवळ्या पानांवरची आंब. कोवळा हुरडा त्यांनी चिमूट-चिमूट खाल्ला, पाण्याच्या घोटाबरोबर. प्रत्येक नव्या चवीची बातमी त्या माहेरवाशीण आल्याची बातमी द्यावी तशी द्यायच्या. “आंबट आलंय बरं का!”

वेळामवस्येला, मार्गशीर्ष अमावास्येच्या रानातल्या जेवणाला, आम्ही सगळे शेतात होतो. ज्वारी कमरेच्या वर आली होती. कडब्याची कोप उभी केली होती, पूजा झाली, पंगत बसली. अक्कांच्या ताटात पातळ करून घेतलेली भज्जी, म्हणजे सगळ्या ओल्या दाण्यांची भाजी, होती, वाटीत आंबील. त्यांनी दोन्ही संपवलं आणि भज्जी पुन्हा मागितली. शेजारच्या शेतातल्या बाया बघून म्हणाल्या, “बऱ्या झाल्या की वो अक्का तुम्ही!” अक्का नुसत्या हसल्या. मी दादांकडे पाहिलं. ते ताटात बघत होते, पण त्यांच्या चेहऱ्यावर जे होतं ते मी ओळखलं, कारण तेच माझ्याही मनात आलं होतं. रिपोर्ट चुकतातही कधीकधी. डॉक्टर म्हणजे काही देव नाहीत. उन्हात, हिरव्या ज्वारीत, तोंड भरून जेवणाऱ्या माणसाकडे बघताना मरणाची गोष्ट खरी वाटत नाही.

शिवरात्रीनंतर घास उतरेनासा झाला. मग पाणीही. नाकातून नळी घातली. चव होती, भूक होती, वाट बंद झाली होती.

आवाज गेला होता, म्हणून अक्का खुणेनं बोलायच्या. आलेल्या माणसाला समोर बसवून खायला लावायच्या, आणि खाणाऱ्याच्या तोंडाकडे एकटक बघत राहायच्या. लोकांना घास गिळवत नसे. मी खायची. काय लागतंय ते सांगत सांगत खायची. तूर नवी आहे, अक्का. कोथिंबिरीला वास छान आहे. त्या मान डोलवायच्या. दादा मात्र त्यांच्यासमोर कधीच जेवू शकले नाहीत. स्वयंपाकघरात भिंतीकडे तोंड करून, उभ्या उभ्या काहीतरी पोटात ढकलायचे.

चैत्रात एका सकाळी अक्का गेल्या. आमच्या लिंगायत रीतीप्रमाणे त्यांना बसवून, विभूती लावून, शेतातल्या मातीत ठेवलं. ज्वारी काढून झाली होती, रान मोकळं पडलं होतं. तोंडाला पदर लावून उभी असताना माझ्या मनात एकच गोष्ट फिरत होती, इतकी साधी की कुणाला सांगता आली नसती. आता चाखून कोण सांगणार, काय कमी आहे ते.

लाईट घेतली असती तर? हा प्रश्न मी खूप वेळा उलटसुलट करून पाहिला आहे. कदाचित त्यांना आणखी एक पावसाळा दिसला असता. कदाचित नसता. मला उत्तर सापडत नाही, आणि हल्ली मी ते शोधतही नाही. फक्त त्या बाकड्यावर डोळे मिटून बसलेली बाई आठवते. एवढं मन लावून मी आयुष्यात एकदाही जेवलेली नाही.

दादा निलंग्याच्या घरात एकटेच असतात. नांदेडला या म्हटलं तर येत नाहीत. दुकान आता अर्धा दिवस उघडतात. परवा दुपारी त्यांचा फोन आला. तब्येत, पाऊसपाणी, सोयाबीन झालं. मग जरा थांबून म्हणाले, “सुजाता, ते वरचं कसं करायचं असतंय?”

“कोणतं वरचं, दादा?”

“नानकटाईवरचं. गुळाचं.”

चहासुद्धा कधी हातानं न केलेला माणूस. मी सगळं सांगितलं. तूप किती, गूळ कसा ओळखायचा, कूट भरड ठेवायचा. पलीकडून गूळ फोडल्याचा आवाज येत होता. म्हणजे विचारायच्या आधीच ते करायला बसले होते.

“मीठ किती?”

“ते अक्का कधी मोजत नव्हत्या, दादा. चिमटीनं, अंदाजानं. आधी खारं लागावं आणि मागून गोड यावं, एवढंच.”

“बरं बरं,” म्हणाले आणि फोन ठेवला.

काल संध्याकाळी मीच फोन केला. भट्टीवर स्वतः गेले होते म्हणे, बायकांच्या रांगेत उभं राहून पत्रा भाजून आणला होता.

“कशी झाली?”

“चुकलं काय की. लई खारट झालीय.”

“मग टाकून द्या दादा. मी पाठवते इकडून.”

पलीकडे डब्याचं झाकण वाजलं. मग काहीतरी कुरकुरीत मोडल्याचा आवाज आला.

“न्हाई,” दादा म्हणाले. “खाऊन राहिलो.”